सगुणाबाईनं झेललेली ओळ

चामटोलीच्या मोतीबाईचा गळा बदलापूरपासून अंबरनाथपर्यंत आगऱ्यांच्या घराघरांत ठाऊक होता, आणि तिची जीभ त्याहून लांबवर. ती धवलारीण. आगऱ्यांच्या लग्नात भटजी उगवतो तो अक्षता पडायच्या वेळेला. त्याआधीचं सगळं, उंबराची फांदी मांडवात येण्यापासून हळद उतरेपर्यंत, धवलारणीच्या गाण्यावर चालतं. ती धवले गाते, म्हणजे गाण्यातून एकेकाला लग्नाला बोलावते. आधी गावदेव, मग शिवेवरचा देव, विहिरीतल्या आसरा, मग त्या घरातले होऊन गेलेले वाडवडील, सगळे नावानिशी. कागद नाही, पुस्तक नाही, सगळं डोक्यात. मोतीबाईला लोकांचे पणजे पाठ होते. स्वतःच्या सुनेचा वाढदिवस विचारला असता तर तिनं डोळे वटारले असते.

धवला एकटीनं गाता येत नाही. एक बाई ओळ टाकते आणि दुसरी ती झेलते, म्हणजे तीच ओळ मागून म्हणते. तेवढ्यात पहिलीला श्वास घ्यायला मिळतो. मोतीबाईची ओळ झेलायला सगुणाबाई. दोघी एकाच आळीतल्या, लग्न होऊन एकाच वर्षी गावात आलेल्या. सगुणाबाई उल्हासनगरच्या बाजारात भाजी विकायची. सिंध्यांच्या बायकांशी घासाघीस करून करून तिला निम्मी सिंधी येत होती आणि राग गिळायची सवय झाली होती. ही दुसरी गोष्ट मोतीबाईबरोबर फार उपयोगी पडायची.

आणि धवल्याचा नियम एकच. सुरू झाला की तुटायचा नाही. देवाला हाक मारायची आणि मधेच गप्प बसायचं, हे पाहुण्याला दारात आणून दार लावून घेतल्यासारखं. असं कुणाच्या मांडवात घडलं तर त्या घरातली म्हातारी माणसं वर्षभर बोलून दाखवतात, आणि त्या धवलारणीला पुढचं बोलावणं येत नाही. मोतीबाईचा धवला कधी तुटला नव्हता. निदान तिची तरी तशी खात्री होती.

ऐंशी साल उलटून गेल्यावर कधीतरी तिची एक नवीन तक्रार सुरू झाली. गाता गाता तिला करपलेल्या दुधाचा वास यायचा. यायचा म्हणजे असा, की नाकात बसायचा. मग ती ओळ अर्धी ठेवून स्वयंपाकाच्या बाजूला मान वळवायची आणि विचारायची, कोणी दूध करपवलंन गो? आता हळदीच्या दिवशी मागच्या दारी तांदळाच्या भाकऱ्या थापत बसलेल्या बायका, चुलीवर सुकटीचं कालवण, दुधाचा थेंब नाही घरात. त्या बिचाऱ्या एकमेकींकडे बघायच्या. बाईला प्रत्येक घरात काहीतरी खोट काढायची असते, असं पुढेपुढे त्या उघड म्हणायला लागल्या.

पण मोतीबाईचा खरा राग दुधावर नव्हता. राग होता सगुणाबाईवर. मोतीबाईच्या हिशेबी दर वेळी असं व्हायचं, की वास आला, तिनं मान वळवली आणि पुन्हा समोर बघते तो सगुणाबाई पुढं निघून गेलेली. झेलणारी बाई ओळ टाकत होती! मोतीबाई गावदेवापाशी असायची आणि सगुणा मधलं सगळं गाळून पार विहिरीपर्यंत पोचलेली असायची. म्हणजे मान वळवायचा अवकाश, की हिनं जागा घेतली. वर आणि साळसूदासारखं तोंड, आणि पाण्याचा तांब्या पुढं करायचा.

मोतीबाईनं यावर पुष्कळ विचार केला. रागावलेलं माणूस विचार करतं तसा. सगुणाला पुढं बसायचंय, हे तर स्पष्टच होतं. धवलारणीला लुगडं-नारळाचा मान पहिला मिळतो, तो तिला हवाय. पुढं पुढं तर तिला वाटायला लागलं की सगुणाच मागच्या दारी जाऊन दूध करपवायला सांगते. त्यात तिच्या मुलानं, हरिचंद्रनं, एकदा जेवताना भीतभीत विचारलं की आई, तू लग्नात घेतेस का? लोक म्हणतात मोतीबाई मधेच तारवटल्यासारखी बघते, जिभेला अडखळते. सगुणामावशी म्हणाली की घेत नाही, पानातला तंबाखू लागतो तिला. झालं! म्हणजे ही बया आपल्याला गावभर तंबाखूखाऊ ठरवत होती. मोतीबाईनं जन्मात तंबाखूला हात लावला नव्हता.

सत्त्याऐंशी सालच्या लग्नसराईत अंबरनाथच्या एका घरचं बोलावणं आलं, तेव्हा मोतीबाईनं निरोप पाठवला की ओळ झेलायला माझी भाची बकुळा येईल, सगुणाबाईनं आपली भाजी सांभाळावी. सगुणाबाई दारात आली. भांडली नाही. उंबऱ्याच्या बाहेर उभी राहून एवढंच म्हणाली, "बाय, बकुळाला ने. पन दुधाचा वास आला का गानं थांबव, पानी माग आन भिंतीला टेक. माजं येवढं ऐक." मोतीबाईला वाटलं, बघा, जाता जाता पण मला धवला तोडायला सांगते. ती म्हणाली की तुझं ऐकायला मी काय तुझ्या भाजीची गिऱ्हाईक आहे का, आणि दार लोटून घेतलं.

अंबरनाथच्या त्या मांडवात काय झालं, ते मोतीबाईला स्वतःला विचाराल तर ती एवढंच सांगेल: दुपार होती, पाट्यावर हळद वाटली जात होती, मी गावदेवाला बोलावलं, दुधाचा वास आला. त्यापुढं तिच्याकडं काही नाही. बाकीचं सगळं तिनं दुसऱ्यांच्या तोंडून ऐकलं, पहिल्यांदा विश्वास न ठेवता आणि मग पुन्हा पुन्हा विचारून.

तिनं विचारलं, कोणी दूध करपवलंन. आणि थांबली. बकुळा पोरसवदा, तिला वाटलं आत्या श्वास घेतेय. ती ओळीची वाट बघत बसली. मोतीबाईचे डोळे उघडे, पण कुठंच बघत नव्हते. ओठ पान चघळल्यासारखे हलत होते, बोटं लुगड्याचा काठ चाचपत होती. धवला तुटला. नवऱ्या मुलाचा आजा काठी टेकून उभा राहिला. मग मोतीबाईचं अंग ताठ झालं, मान एका बाजूला वळली आणि ती हळदीच्या पाट्याच्या बाजूला कोसळली. हातपाय झटके द्यायला लागले.

मग जे व्हायचं तेच झालं. एक जण चप्पल घेऊन नाकाला लावायला धावला. एकीनं कांदा ठेचला. कुणी म्हणालं देवी आली, कुणी म्हणालं दारू चढली, कुणी हातपाय दाबून धरले. बोलावणं नसताना सगुणाबाई आलेली होती, मांडवाच्या खांबाआड बसून होती. ती सगळ्यांच्या आधी पोचली. पाटा तिनं पायानं ढकलला, पेटती समई उचलून दुसरीकडं दिली. एवढं बरोबर केलं. आणि मग दातखीळ उघडायला पितळी उलथनं घेतलं.

तो हात धरला भागीरथीनं. भागीरथी उल्हासनगरच्या एका दवाखान्यात नर्स होती. राहायची अंबरनाथलाच, बौद्ध कॉलनीत, आणि नवऱ्या मुलाच्या बहिणीची मैत्रीण म्हणून हळदीला आलेली होती. तिनं उलथनं काढून घेतलं. तोंडात काही घालायचं नाही, दात मोडतील नाहीतर श्वास अडकेल. पाणीही नाही, कांदा नाही, चप्पल तर नाहीच, हातपाय दाबू नका, होऊ दे, आपोआप थांबेल, असं तिनं सगळ्यांना दटावून सांगितलं. लुगड्याचा गळ्याशी आलेला पदर सैल केला, डोक्याखाली एक घडी घातलेलं सतरंजीचं टोक सरकवलं. झटके थांबल्याबरोबर तिनं मोतीबाईला कुशीवर वळवलं, म्हणजे तोंडातली लाळ बाहेर जाईल. कोणीतरी पुन्हा दारूचं काढलं, तेव्हा ती मोतीबाईच्या तोंडाशी वाकली आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "दारूचा वास नाही. ही फिट आहे. आजार आहे हा, ताप असतो तसा."

मग तिनं सगुणाबाईला सांगितलं की मावशी, ह्या जाग्या होतील तेव्हा गोंधळलेल्या असतील, घाबरतील. तुम्ही ओळखीच्या आहात, जवळ बसा आणि काहीतरी बोलत राहा. सगुणाबाई बसली. पण काय बोलायचं, तिला सुचेना. शेवटी तिला जे येत होतं ते तिनं सुरू केलं. गावदेवापाशी तुटलेली ओळ उचलली आणि हळू आवाजात धवला पुढं चालवला. रडत बसलेल्या बकुळाला तिनं कोपरानं ढोसलं, तेव्हा ती ओळ झेलायला लागली. नवऱ्या मुलाचा आजा खाली बसला.

मोतीबाईला जाग आली ती त्याच आवाजावर. जीभ चावली गेलेली, अंग कुटून काढल्यासारखं, डोकं जड. आणि कानात सगुणा, ओळ टाकत असलेली. तिच्या मनात आलेला पहिला विचार सांगायलाच हवा: घे, आज तर बसूनच घेतलीन माझी जागा. शिवी द्यायला तिनं तोंड उघडलं, पण जीभ उचलेना, आणि ती पुन्हा झोपली.

भागीरथीनं हरिचंद्रला बजावून सांगितलं होतं की दवाखान्यात नुसत्या पेशंटला आणू नका, जिनं बघितलंय तिला आणा. पेशंटला आपली फिट दिसत नसते. म्हणून दोन दिवसांनी उल्हासनगरच्या त्या दवाखान्यात तिघं गेली: हरिचंद्र, फुगून बसलेली मोतीबाई आणि बाजारातून थेट आलेली, रिकामी पाटी काखेत घेतलेली सगुणाबाई.

डॉक्टर तलरेजा म्हणून होते. अर्धं मराठी, अर्धं हिंदी बोलायचे, आणि घाई नव्हती. हरिचंद्रनं सांगितलं की आई उपाशी होती, चक्कर येऊन पडली. डॉक्टर म्हणाले, असेल, बघू. चक्कर येऊन पडणारा माणूस पांढरा पडतो, घाम सुटतो, डोळ्यांपुढं अंधारी येते आणि अंग गळून जातं. आडवं केलं, पाय वर धरले की लगेच डोळे उघडतो आणि मी कुठाय ते त्याला कळतं. तुमच्या आईचं तसं होतं का? हरिचंद्रनं सगुणाबाईकडं बघितलं. डॉक्टरांनी मोतीबाईकडं वळून विचारलं, "माताजी, पडायच्या आधी कसला वास येतो का? जळल्याचा, करपल्याचा?"

ही गोष्ट ह्या सिंधी डॉक्टरला कोणी सांगितली? तिनं सगुणाबाईकडं संशयानं बघितलं. सगुणाबाईचं तोंड तिच्यासारखंच उघडं पडलेलं. डॉक्टर म्हणाले, वास दुधाचा नसतो, डोक्यातून येतो. मेंदूत एका जागी ठिणगी उडते, तिथून वास सुरू होतो. कधी ती तिथंच विझते, माणूस पडत नाही, नुसता थोडा वेळ हरवतो. कधी सगळीकडं पसरते, मग माणूस पडतो. असं हरवायचं कधीपासून होतंय?

मोतीबाई ठासून म्हणाली, "मना काय बी होत नाय. वास येतो, मी मान वलवते, बस. तेवढ्यात ही एक ओल चोरते."

सगुणाबाई खाली बघत म्हणाली, व्हतं डॉक्टर. लई वर्सांपासून. डॉक्टरांनी विचारलं किती वेळ राहतं, अंदाजानं. तिला मिनिटं सांगता येईनात. घड्याळ तिनं कधी वापरलं नव्हतं. ती अडखळली आणि म्हणाली, गाऊन दाखवू का? डॉक्टरांनी मनगट पुढं केलं, घड्याळाकडं बघितलं आणि म्हणाले, गाओ.

आणि सगुणाबाईनं त्या फिनाइलच्या वासाच्या खोलीत, रिकामी पाटी मांडीवर ठेवून, धवला सुरू केला. गावदेव झाला. मोतीबाईला वाटलं, आता थांबेल. सगुणा थांबली नाही. शिवेवरचा देव आला. त्याचा घोडा आला. आंब्याखालचा वेताळ आला. मोतीबाई ऐकत राहिली, कारण ह्यातली एकही ओळ सगुणानं स्वतःहून टाकलेली तिनं कधी ऐकली नव्हती. सगुणा मात्र ते असं गात होती, की जणू जन्मभर तेच गात आलेली. विहिरीच्या पायरीपाशी येऊन ती थांबली. म्हणाली, इथपर्यंत मी नेते. इथं बाय परत येते.

एक ओळ नव्हती. अख्खं कडवं आणि त्याच्यावर निम्मं. प्रत्येक लग्नात तेवढं मोतीबाईच्या आयुष्यातून गायब होत होतं आणि तिला त्याची खबर नव्हती. तिथं सगुणा उभी होती, ओळ टाकत आणि स्वतःच झेलत, मांडवातल्या एकाही माणसाला कळू न देता.

डॉक्टरांनी घड्याळावरून नजर काढली, काहीतरी लिहून घेतलं आणि सगुणाबाईला म्हणाले की तुम्ही आला नसता तर मी हिला टॉनिक देऊन परत पाठवलं असतं. मग थोडं थांबून म्हणाले, पण आधीच आणायला पाहिजे होतं. तुम्ही इतकं चांगलं झाकलंत की कुणाला दिसलंच नाही. सगुणाबाईनं मान हलवली. डॉक्टरांनी गोळ्या दिल्या. रोज घ्यायच्या, बरं वाटलं तरी सोडायच्या नाहीत, सोडल्यात तर पुन्हा पडाल. विहिरीवर एकटीनं जायचं नाही, चुलीपाशी एकटं बसायचं नाही. आणि झटके पाच मिनिटांत थांबले नाहीत, किंवा एक फिट संपून शुद्ध यायच्या आत दुसरी आली, तर गाडी करून सरळ इथं आणायचं.

बाहेर बाजारात गर्दी होती. हरिचंद्र गोळ्यांच्या दुकानात शिरला. दोघी एका बंद दुकानाच्या पायरीवर बसल्या.

मोतीबाईनं विचारलं, "मना सांगितलास का नाय गो?"

सगुणाबाई म्हणाली, "तुला सांगितलं असतं तर तू घाबरून गानं सोडलं असतंस. लोकांना सांगितलं असतं तर त्यांनी तुला सोडलं असतं. तुज्याकडं गान्याबिगर काय हाय, बाय?"

खरंच होतं ते. नवरा तरुणपणी गेलेला, जमीन दीराच्या ताब्यात, मुलगा आपल्या संसारात. गाणं गेलं असतं तर मोतीबाई म्हणजे आळीतली एक तोंडाळ म्हातारी, एवढंच उरलं असतं. तिला रडू फुटलं. भर बाजारात, पदर तोंडाला न लावता ती रडली. शेजारचा चादरीवाला सिंधी काय झालं म्हणून विचारायला आला, त्याला सगुणाबाईनं त्याच्याच भाषेत वाटेला लावलं. उठताना मोतीबाईनं सगुणाची पाटी आपल्या काखेत घेतली आणि घरापर्यंत दिली नाही. माफी वगैरे तिच्या स्वभावात नव्हती.

पण उपकार विसरणारी बाई ती नव्हे. त्यानंतर कुठल्याही मांडवात बसली की धवला सुरू करायच्या आधी मोतीबाई यजमानांना जवळ बोलवायची आणि दम दिल्यासारखं सांगायची. मला फिटचा आजार आहे. गाता गाता मी थांबले तर कुणी ओरडायचं नाही. सगुणा गाईल, तिच्याकडं लक्ष द्या. पडले तर पाटा आणि समई बाजूला करा, झटके सरले की कुशीवर करा. तोंडात काही घालाल तर बोट चावीन. कांदा कालवणात घाला आणि चप्पल पायात. लोक हसायचे. पण ऐकायचे, आणि बोलावणी काही थांबली नाहीत. एका मांडवात उपाशी नवरी पांढरीफटक होऊन खाली बसली, तेव्हा मोतीबाईनंच तिला आडवं केलं, पाय पाटावर ठेवले, भोवतीचा घोळका हाकलला आणि ही फिट नाही, भूक आहे, उठून बसली की सरबत द्या म्हणून मोकळी झाली. मुलीचं लग्न तिथंच मोडायला निघालं होतं, ते वाचलं.

गोळ्यांनी पडणं थांबलं. वास मात्र कधीमधी यायचा. आला की मोतीबाई सगुणाबाईच्या गुडघ्यावर हात ठेवायची आणि सगुणाबाई पुढं व्हायची.

ब्याण्णव साली बकुळाचं लग्न चामटोलीतच झालं. भाचीचा मांडव, त्यामुळं मोतीबाई नवं लुगडं नेसून आलेली. हळद वाटायला घेतली, धवला सुरू झाला. मोतीबाईनं ओळ टाकली, सगुणाबाईनं झेलली. गावदेव आला. आणि मोतीबाई थांबली.

सगुणाबाईला वाटलं, गोळी चुकली की काय? गुडघ्यावर हातही आला नव्हता. पण सवय दांडगी. तिनं ओळ उचलली आणि शिवेवरच्या देवाला बोलावलं. डाव्या हातानं समई लांब सारली आणि डोळ्यांच्या कोपऱ्यातून मोतीबाईकडं बघितलं.

मोतीबाईचे डोळे उघडे होते, आणि ते सरळ सगुणाबाईकडं बघत होते. वास नव्हता, काही नव्हतं. ती पूर्ण शुद्धीवर होती आणि तिला सगळं ऐकायचं होतं. सगुणाबाईनं श्वास घेतला, तेव्हा मोतीबाईनं, जिनं उभ्या जन्मात कुणाच्या मागून गायलं नव्हतं, ती ओळ झेलली.

सगुणाबाईचा आवाज एकदा कापला. मोतीबाईनं तिच्याकडं बघून डोळे वटारले, की रडतेस काय, चल पुढं. मग घोडा आला, आंब्याखालचा वेताळ आला, विहीर आली. विहिरीच्या पायरीपाशी सगुणाबाई थांबली आणि वाट बघायला लागली, नेहमीसारखी. मोतीबाईनं जागा परत घेतली नाही. त्या दिवशी हळद उतरेपर्यंत सगुणाबाई पुढं होती, आणि लुगडं-नारळाचा पहिला मान घेऊन बकुळाची आई आली, तेव्हा मोतीबाईनं बोट दाखवून सांगितलं, आधी तिला.